मूकपटवाली

तिवशाच्या तंबू टॉकीजला आग लागली तेव्हा आम्ही बाया पुरुषांच्या बाजूला धावलो. आमचे नवरे तिकडे बसले होते ना! बाया-पुरुषांच्या मधल्या आडपडद्यापाशी चेंगराचेंगरी झाली. माझी लेक कडेवर होती. आरडाओरड्यात कोणाचं काही ऐकू येईना.

बायांची तिकिटं फाडणारी म्हातारी बाकावर चढली. जवानीत एका फ्रेंच साहेबाच्या मूकपटांत काम केलं, असं ती सांगायची. मी एकदा तिला छेडलं होतं, "बोलल्याबिगर कसला सिनेमा वं बुढे?"

"तोंड न उघडता लोकाइले रडवलं म्या. तुले बोलूनबी जमन काय?"

आता ती ओरडली नाही. दोन्ही हात उंच करून तिनं आम्हाला थांबवलं. तंबूच्या कडेच्या कनातीकडे बोट केलं, वाकली, कापड उचलल्याचं दाखवलं, लेकरू पोटाशी धरून सरपटल्याचं दाखवलं. पार मागच्या बाईलाही कळलं. आम्ही कनातीखालून बाहेर निघालो. ती सर्वांत शेवटी आली, केस जळलेले.

"नवरे येतीन आपले आपण," ती खेकसली. "आधी लेकरं पाहा."

बायांच्या बाजूच्या आम्ही सगळ्या लेकरांसकट वाचलो.