चौदा नंबरची चिठ्ठी आणि आस्को

स्पेनमधल्या व्हॅलेन्सियाच्या एका बाईने चादरीचं पाकीट फोडलं आणि तक्रार लिहिली: गटाराचा वास येतो. ‘मे दा आस्को.’ मला किळस येते. सोबत पाकिटातल्या चिठ्ठीचा फोटो. घडी घालणारीचा नंबर चौदा.

चौदा नंबर म्हणजे कौसल्या, धम्मदिनाची आई.

कशेळीच्या चादरींच्या गोदामात कौसल्या अकरा वर्षं घड्या घालत होती. धम्मदिनाने टेक्स्टाइलचा डिप्लोमा केला, रिक्षात जाता-येता मोबाइलवर स्पॅनिश शिकली आणि त्याच गोदामाच्या ऑफिसात परदेशी पत्रव्यवहार बघू लागली. पहिल्याच दिवशी आई म्हणाली होती, “खुर्ची मिळाली, छान. आता चहा कशात येतो ते बघ.” सगळ्यांना काचेच्या कपात आला, तिला कागदी कपात. “तुझ्यासाठी एकदम नवा हां,” शेठची आई, आक्का, गोड हसली होती. दोन वर्षं झाली, कप अजून कागदीच होता.

“काय लिवलंय बाईनं?” धनेशशेठने विचारलं. तिने सांगितलं. त्याने फोटो मोठा करून बघितला. “चौदा. तुझी आई ना? हातबित धुवत न्हाय का या बायका? मालाला कोणाकोणाचा हात लागतो आजकाल, काय सांगायचं! मेल टाक, ती पॅकर काढली म्हणून. आईला सांग, उद्यापासून येऊ नको.”

धम्मदिना स्क्रीनसमोर येऊन बसली. डिप्लोमात कापड उसवून धागा कसला आहे ते ओळखायला शिकवलं होतं. शब्दही ती तसेच उसवायची. तिने शब्दकोश उघडला. आस्को म्हणजे किळस. घर घाणेरडं झालं की तेही ‘आस्को झालंय’. पुढे आलेल्या गोष्टीला नाक मुरडलं की ‘आस्को करणं’. आणि मूळ? नक्की कोणी सांगत नव्हतं, पण जाणकारांचा अंदाज असा, की शब्द द्वेषावरून आला. जुना लॅटिन धागा द्वेषाचा. खपल्या, पू, घाण असं सांगणारा दुसरा शब्द त्याला नंतर चिकटला आणि त्याचं रूप बदललं.

म्हणजे आधी द्वेष. वास मागून आला.

तिला कागदी कप आठवला. ती उठून आत गेली.

आईच्या टेबलावर घड्या लख्ख होत्या. मागच्या भिंतीला मात्र बाहेरून नाला लागलेला. गाठींखाली ठेवायची लाकडी पॅलेट शेठने शेजारच्या गोदामाला भाड्याने दिली होती, त्यामुळे कापडाच्या गाठी सरळ फरशीवर. सगळीकडे डांबरगोळ्या.

“भिंत झिरपते, महिनाभर सांगतेय,” कौसल्या म्हणाली. “शेठ म्हणतात, गोळ्या टाक.”

दोघींनी खालची गाठ ओढली. गोणपाट हातातच फाटलं. आत काळी बुरशी, उंदराच्या लेंड्या, ओल इतकी की कापड बोटांना चिकटत होतं. धम्मदिनाने मोबाइल घेतला. फोटो काढले. तिथेच उभं राहून मेल लिहिला: दोष साठवणुकीचा, घडी घालणारीचा नाही. पाठवून दिला.

मग ते कापड नेऊन शेठच्या टेबलावर पसरलं, चहाच्या कपाशेजारी.

“उचल! उचल ते!” धनेशने नाक दाबलं. “ओकारी होईल मला!”

“शेठ, हे आत्ता गाठीतून काढलंय. चौदा नंबरचा हात अजून लागायचाय याला.”

त्याने पेनाच्या टोकाने कापड दूर ढकललं. “बरं. भिंतीचं लिव.”

“लिहिलं. गेलासुद्धा मेल. फोटोंसकट.”

“मला न विचारता?” त्याचा आवाज चढला.

“माझ्या जागी दुसरं कोणी स्पॅनिश लिहिणारं असेल तर ठेवा, शेठ. आईचा चौदा नंबर तेवढा काढू नका.”

त्याला दुसरं कोणी माहीत नव्हतं. “र्‍हाऊ दे तिला,” तो पुटपुटला आणि हात धुवायला गेला. साबण लावून, दोनदा.

आक्का चहा घेऊन आली. धम्मदिनापुढे कागदी कप ठेवला. धम्मदिनाने तो बोटाने दूर सरकवला.

“काय गं, नाक मुरडतेस?”

“हो, आक्का,” ती म्हणाली. “किळस आली.”