कलेक्टर स्टेजवर बसला तेव्हा

थांबा, हातातलं काम ठेवा, हे मला आत्ताच्या आत्ता सांगायचंय! नाशिकला राहिलेल्यांनो वाचा, आणि माझ्यासारखं इकडे येऊन पडलेल्यांनो, तुम्ही तर वाचाच. आमचे गेना अंकल आज सकाळी रशियाला परत गेले!

पण आधी आमचं निघणं. मी सहावीत होते. बाबा आधीच शारजात, आणि त्यांनी फोनवर सांगितलं की ऑफिसात एसी फार असतो. झालं! आईने तिघांचे स्वेटर भरले, वर कानटोप्या. टॅक्सीत बसताना शेजारच्या काकू म्हणाल्या, "अगं, वाळवंटात चाललीस की काश्मीरला?" आई रडत होती, ती फिस्सकन हसली. आणि सुटलं नाशिक.

शारजात पोचतो तर काय, समोरच्या फ्लॅटमधला माणूस फरचे कोट विकतो! शप्पथ! शेजारच्या शहरात, देरा नावाच्या बाजारपेठेत, तेव्हा रशियन टुरिस्टांसाठी फर कोटांची दुकानं होती. त्यातल्या एकात, स्वतःच्या मेहुण्याच्या दुकानात, हे गेन्नादी, म्हणजेच आमचे गेना अंकल. बाहेर रस्ता वितळतोय, आणि आत गिऱ्हाईक आलं की हे असे कुडकुडायचे, दात वाजवायचे, हातांवर फुंकर घालायचे, की गिऱ्हाईक कोट घालूनच बाहेर. बाबा एकदा भेटून आले आणि दारातूनच म्हणाले, "माझा स्वेटर कुठाय गं?"

कारण माणूस मूळचा नट! व्होल्गाकाठच्या गावात कितीतरी वर्षं नाटकं केलेली. राजे, म्हातारे, एकदा घोडासुद्धा. सिनेमेही केले, पण सगळीकडे सैनिक, आणि इंटर्व्हलच्या आधी मेलेला. मग त्यांचा देश फुटला, थिएटरकडचे पैसे संपले, पगारात साखर मिळायला लागली. म्हणून इकडे.

तर इथल्या आमच्या मराठी मंडळाच्या नाटकात इंग्रज कलेक्टर हवा होता. दरवर्षी कुणालातरी पावडर फासायचे. बाबा म्हणाले, "आमच्या मजल्यावर तयार गोरा आहे की!" रोल चार वाक्यांचा. अंकलनी दुकानात शिकलेल्या हिंदीत डायरेक्टर सबनीस काकांना पहिलाच प्रश्न विचारला, "कलेक्टर का माँ कैसा था?"

"अहो, त्याला आई नाहीये! चार वाक्यं आहेत!"

"माँ नहीं..." अंकल हळहळले. "इसलिए इतना गुस्सा."

मराठी शिकवायचं काम आईकडे आलं. तिला तरी इथे बोलायला कोण होतं? पोळ्या लाटता लाटता सुरू, "गल्यात नाही गेनाभाऊ, गळ्यात. जीभ वळवा." एकदा ते हसणं सोडून सरळ बसले. म्हणाले, "भाभी, लाइन भूला, तो मैं कोटवाला. खलास. नहीं भूला, तो अभी भी एक्टर."

आईने लाटणं खाली ठेवलं. "मैं भूलने दूँगी क्या?"

आणि त्यांची ती सवय! रशियन नटाच्या हातून नाटकाचे कागद पडले की उचलायच्या आधी त्यावर बसायचं, नाहीतर नाटक पडतं म्हणे. एकदा मीना बाजारात कागद पडले, तर भर रस्त्यात, आमच्या डोळ्यांदेखत बसले. मागचा टॅक्सीवाला चला, हटा म्हणून ओरडतोय, "यल्ला यल्ला!" आणि हे शांत.

आता प्रयोग. बाबा बेड्यांमध्ये क्रांतिकारक, समोर अंकल, हातात फाशीचा हुकूम. आणि हुकूम पडला.

बसले. स्टेजवर, मधोमध. हॉल फुटला हसून! विंगेतून सबनीस काका, "उठवा रे त्याला!" बाबा बेड्या वाजवत म्हणाले, "काय साहेब, दमलात?" अजून हशा. आईने माझा हात असा आवळला की बांगडी रुतली. तिचे ओठ हलत होते, अंकलचं वाक्य ती मनात म्हणत होती.

अंकल उठलेच नाहीत. ते वाक्य खरं तर गरजायचं होतं. त्यांनी बसल्या बसल्या, हळू, शेजाऱ्याशी बोलावं तसं म्हटलं, "या मुलखात माझं कुणी नाही."

आणि थांबले.

हॉलमध्ये सगळे आमच्यासारखेच, कुणी सांगलीचे, कुणी दादरचे. हशा पार विरला. "पण हुकूम माझाच चालतो," एवढं म्हणून ते उठले, पण दरवर्षी कलेक्टरला होणारी हुर्यो कुणी केलीच नाही. मग शेवटचं वाक्य, "तुझ्या गळ्यात दोर घालीन!" ळ एकदम खणखणीत! आख्ख्या हॉलमध्ये एकटी आई उठून टाळ्या वाजवतेय, नवऱ्याच्या फाशीला!

दुसऱ्या दिवसापासून अंकल जुन्या थिएटरला फोन लावायला लागले. वर्षानुवर्षं "नंतर बघू" ऐकलं. गेल्या महिन्यात उत्तर आलं, या. रोल म्हाताऱ्याचा आहे, आणि शेवटपर्यंत जिवंत!

आज एअरपोर्टवर ते आत गेले आणि आम्ही काचेबाहेर उभे राहिलो. परत निघालो तर तोच ट्रॅफिक, तेच हॉर्न. आई डोळे पुसत ड्रायव्हरला म्हणाली, "चलो भैया, घर चलो." कुठलं घर ते कुणालाच विचारावं लागलं नाही. इतकी वर्षं "घर" म्हटलं की आमच्याकडे नाशिकच असायचं हो! दुसऱ्याला त्याच्या गावी सोडून आलो आणि आपण इथलेच झालोय हे कळलं. तुमचं झालंय का असं कधी? कुणाला सोडायला गेला होतात तेव्हा? सांगा ना, पटकन!