अंगावरून गेलेलं वारं

आबांच्या अंगावरून वारं गेलं, असं आईनं फोनवर सांगितलं आणि मी सांगलीहून मेढ्याला धावले. फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेला, रोज डोंगर पालथा घालणारा माझा बाप खाटेवर पडला होता. उजवी बाजू लुळी, जीभ जड. दवाखान्यातून सोडताना डॉक्टर म्हणाले, "औषधं चालूच ठेवा, पण रोज शेतावर मोकळ्या वाऱ्यात बसवा. हिरवळीत माणूस लवकर खुलतो."

घरी येताच आईनं खिडक्यांच्या फटींत चिंध्यांचे बोळे कोंबले. "वाऱ्यानंच घात केला, आन परत वाऱ्यातच बसवायचं व्हय?"

सांगायला लाज वाटते. मी शाळेत विज्ञान शिकवते. अर्धांगवायू मेंदूतल्या रक्ताच्या गुठळीनं होतो, हे मुलांना फळ्यावर काढून दाखवलंय. तरी उरलेले बोळे मीच कोंबले. भीतीपुढं शिक्षण कसलं टिकतंय! दीड महिना आबा भिंतीकडं बघत राहिले. हुंकारापलीकडं शब्द नाही. माझी रजा संपत आली होती, आणि हा माणूस परत बोलणारच नाही अशी धास्ती बसली होती.

एका सकाळी त्यांनी भाकरीकडूनही तोंड फिरवलं. मग मात्र आईचं न ऐकता मी त्यांना शेजाऱ्यांच्या जीपमधून शेतावर नेलं. जांभळीखाली खुर्ची, अंगावर शाल, गळ्यात मफलर, डोक्याला कानटोपी. दर पाच मिनिटांनी मी नाडी बघायची. ते भाताच्या खाचरातले बगळे बघत होते. घरी येऊन अर्धी भाकरी खाल्ली. मग रोजच नेऊ लागले, रोज तेवढीच घाबरत.

चौथ्या दिवशी त्यांनी डाव्या हातानं कानटोपी काढली. मी घातली. त्यांनी पुन्हा काढली आणि सरळ खाचरात भिरकावली. ती आणायला मी चिखलात उतरले, तर पाठीमागून आवाज आला. बोबडा, अडखळत.

"वारं... माझ्या अंगावरनं... गेलं गं. तुझ्या... मानगुटीवर बसलंय."

मी तशीच उभी राहिले. हातातली टोपी ठिबकत होती. रडू आलं, आणि हसूही.

"आवं आबा, परत म्हना की!"

त्यांनी नुसता डाव्या हातानं शेजारचा बांध दाखवला. मी चिखलाच्या पायांनी जाऊन बसले. नाडी बघायची त्या दिवशी राहूनच गेली.