काबऱ्या कोंबडीची तीन अंडी

आमच्या करावे गावात शेजाऱ्याची कोंबडी आपल्या घरात अंडं घालून गेली, तर ते अंडं परत नेऊन द्यायची रीत होती. त्यात कुणाला मोठेपणा वाटत नसे. शेजारच्या काकीची काबरी कोंबडी तर स्वतःचं घर सोडून आमच्याच पडवीत यायची. आईची मासळीची जुनी पाटी तिथे पडलेली असायची, तीत सुक्या गवतावर बसायची आणि अंडं झालं की साऱ्या आळीला ऐकू जाईल असा गलका करायची. मग ते गरम अंडं ओंजळीत धरून काकीकडे पोचवायचं काम माझं. हे काम मी इतकी वर्षं इमानाने केलं होतं, की माझ्यावर संशय घ्यायचं कुणाला कारणच नव्हतं. पुढचं सगळं त्याच विश्वासावर झालं, म्हणून हे आधी सांगून टाकते.

सत्तरचं दशक तेव्हा सरत आलं होतं. मी तेरा वर्षांची होते आणि वाशीच्या नव्या शाळेत बसने जायचे. माझ्या बाकावर बसणारी मुलगी तिथल्या नव्या वसाहतीत नुकतीच राहायला आली होती, तिचे वडील सरकारी कचेरीत होते. तिच्या डब्यात शनिवारी हमखास ऑम्लेट असायचं. बारीक कांदा, टोमॅटो, किसलेलं गाजर आणि ढोबळी मिरचीचे हिरवेगार तुकडे. आमच्याकडे अंडं म्हणजे कालवण. ढोबळी मिरची तर मी फक्त बाजारात पाहिलेली. माझ्या डब्यात तांदळाची भाकर आणि सुकट. ती बिचारी कधी नाक मुरडत नसे, पण तिने न मुरडलेल्या नाकाची लाज मलाच वाटायची. स्वभावच तसा.

एक दिवस ती म्हणाली, "शनिवारी शाळा सुटली की तुझ्या घरी येऊ?" मी 'ये' म्हणाले, आणि वर थापही ठोकून दिली, की आमच्याकडेही ऑम्लेट करतात. "मग ढोबळी मिरची आणि गाजर मी आणते," ती म्हणाली. झालं, आता माघार नव्हती.

आमच्या स्वतःच्या कोंबड्या त्या वर्षी मानमोडीच्या साथीत मेल्या होत्या. आईला सांगितलं असतं तर तिने वाशीच्या बाजारातून अंडी आणली असती. मासळी विकायला ती रोज तिथेच बसायची. पण मग ती त्या दिवशी घरी थांबली असती, मैत्रिणीला जवळ बसवून आमच्या बोलीत मोठमोठ्याने बोलली असती आणि तिच्या हातांना मासळीचा वास आला असता. मला तेच नको होतं. खरं ते हेच.

म्हणून बुधवारपासून मी काबरीची अंडी द्यायची थांबवली. पाटीतून काढायची आणि पडवीतल्या भुशाच्या पोत्यात खोल खुपसायची. काकी संध्याकाळी दारात येऊन विचारायची, "बाय, काबरी बसली नाय का गो तुमचे पाटीन?"

"नाय काकी."

तिन्ही दिवस तेच उत्तर दिलं, आणि तिन्ही दिवस काकी मान हलवून निघून गेली.

काकीची सून, आमची वहिनी, तेव्हा सात महिन्यांची पोटुशी होती. माझ्याहून सहा-सात वर्षांनीच मोठी. माझ्या वेण्या तीच घालायची आणि घट्ट ओढल्या म्हणून मी रडले की हसायची. पोटुश्या बाईला कशाचा वास गेला तर त्यातला घास तिला द्यायचा, ही आमच्याकडची दुसरी रीत. आळीत कुणी बोंबील तळले, कुणी घावन केले, की आधी एक वाटी वहिनीकडे जायची. आई तर तव्यावरची पहिली तुकडी तिच्यासाठीच बाजूला काढायची आणि मला पिटाळायची. वाटी घेऊन गेले की वहिनी म्हणायची, "बस गो, मी एकली नाय खानार." आणि अर्धं मला द्यायची.

शनिवारी मैत्रीण आली. मी रॉकेलचा स्टो पेटवला, भाकरीचा बिडाचा तवा चढवला. कांदा, टोमॅटो, गाजर, मिरची आम्ही दोघींनी मिळून चिरलं. अंडी फोडून पितळी पेल्यात चमच्याने फेटली, हळद, मीठ, कोथिंबीर घातली. तेल तापल्यावर ते मिश्रण तव्यावर ओतलं आणि जो चर्रर्र आवाज झाला तो ऐकून मला वाटलं, आपण जिंकलो. पहिलं ऑम्लेट उलटताना फाटलं, पण वास असा सुटला की घर आमचं वाटेना.

तेवढ्यात मागच्या बाजूने हाक आली. आमच्या आणि काकीच्या घरांमध्ये कुंपण नव्हतं, एक शेवगा आणि दोघांचा मिळून एक उकिरडा होता. वहिनी तिच्या मागच्या दारात उभी होती, एक हात कमरेवर.

"काय करतंस गो बाय? वास हितपावत आयला."

"काय नाय वयनी, कांदा भाजतंय."

असं म्हणून मी दार लोटून घेतलं. अंडी आली कुठून, हे तिने विचारलं असतं तर? काकीने ऐकलं असतं तर?

मैत्रीण चांगल्या घरातली. ती म्हणाली, "अगं, त्यांना थोडं देऊन ये ना."

"तिचा उपास आहे," मी म्हणाले. सात महिन्यांच्या पोटुशीचा उपास! आणि मैत्रिणीला ते खरंही वाटलं.

आम्ही दोघींनी सगळं संपवलं. चव मला चांगली आठवते, आणि ती आठवते याचाच राग येतो.

टरफलं मी उकिरड्यावर टाकून वर राख लोटली. पण कोंबडीला उकरण्यावाचून दुसरं काम काय? रविवारी सकाळी काबरीनेच पाय मारमारून ती वर काढली, आणि काकीने पाहिली. ओली, ताजी टरफलं, तिच्या दारापासून दहा पावलांवर. आमच्या घरी कोंबडी नाही, अंडी नाहीत, आणि मी तर अंडी परत करणारी मुलगी. काकीने सरळ सुनेला हाक मारली.

मी पाण्याची कळशी घेऊन शेवग्याखाली उभी होते.

"चोरून खाल्लीस?" काकी म्हणाली. "मागून खाल्ली असतीस त मी नाय बोल्ले असते? कोनासाटी जमवत व्हते मी? कोंबरी बसवाची व्हती, तुजे बालतपनाला पिलां मोटी झाली असती. आपलेच तोंडचा घास खाल्लास गो!"

तिचा आवाज चढला नाही, उलट रडवेला झाला. ती दुष्ट असती तर मला सोपं गेलं असतं.

वहिनीने उकिरड्याकडे पाहिलं. टरफलांच्या बाजूला ढोबळी मिरचीचा देठ पडला होता, हिरवा, बियांसकट. आमच्या आळीत ती भाजी कुणीच आणत नसे. वहिनीने पायाने त्यावर थोडी राख सारली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "व्हय. मीच खाल्ली."

कळशी माझ्या कमरेवर होती आणि तोंड माझंच होतं. एक वाक्य बोलायचं होतं. मी घरात गेले. तिने देठ झाकला नाही, नुसता पाय हलवला, असं मी स्वतःला समजावलं आणि ते बरेच दिवस पटवूनही घेतलं.

काकी आठ दिवस तिच्याशी धड बोलली नाही. आळीत गोष्ट पसरली. डोहाळजेवणाला बायकांनी ओटी भरताना चेष्टा केली, "नारल जपा गो, अंडी समजून फोडल ही." सगळ्या हसल्या, वहिनीही हसली. मी तिच्या शेजारी ताट धरून बसले होते, आणि हसले. त्या हसण्याची शरम मला अंड्यांपेक्षा जास्त आहे.

वहिनीला मुलगी झाली. तिला मी कडेवर घेऊन हिंडले, अंघोळी घातल्या, काजळ लावलं. बायका कौतुक करत, किती जीव लावते म्हणून. जीव होता खरा, पण त्यात भरपाईही होती, हे मला ठाऊक होतं. वहिनीने पुन्हा कधी तो विषय काढला नाही आणि मी काढू दिला नाही. ती वेण्या घालायला बोलवायची तर मी म्हणायचे, आता माझ्या मला येतात.

मग माझं लग्न झालं, मी रबाळ्याला गेले. ऐंशीचं दशक संपत आलं तेव्हा पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी आले. काकी त्याआधीच गेली होती. गाव चारी बाजूंनी इमारतींनी वेढलं होतं, पण शेवगा होता आणि उकिरडा होता.

एका दुपारी मी पडवीत पाय पसरून बसले होते. वहिनी मागच्या बाजूने आली, हातात ताट, वर दुसरं ताट झाकलेलं. माझ्यापुढे ठेवून झाकण काढलं. ऑम्लेट होतं. कांदा, टोमॅटो, किसलेलं गाजर.

"पोरीला करत व्हते," ती म्हणाली. "वास आयला असल तुना, म्हनून आनला. ढोबली मिरची नाय मिलाली."

दहा वर्षं मी जे झाकून ठेवलं होतं ते तिने असं सहज ताटात वाढलं होतं.

"वयनी, ती अंडी..."

"म्हाईत हाय मना. खा."

"मग तू का बोललीस, मी खाल्ली म्हणून?"

"तुजे आयनी तुना फोडून काढली असती. मना पोटुशीला कोन हात लावतंय?" ती हसली. मग पदराने घाम पुसत माझ्याजवळ बसली आणि मला लागावं म्हणून नाही, नुसतं आठवलं म्हणून बोलावं तसं म्हणाली,

"अंड्यांचा काय नाय गो. पन त्या दिवशी वास आयला ना, तवा मी ताटान भाकर घेऊन बसले व्हते. बोल्ले, आता बाय आनल."