घरचे मास्तर

आमच्या गल्लीच्या तोंडाशी मास्तरांचं शिवणकामाचं दुकान आहे. मास्तर कपडे शिवतात आणि शिवता शिवता मतं देतात. कपड्यांना उशीर होतो, मतांना कधीच नाही. दुकानाचा नियम एकच: घरच्यांचं काम शेवटी. बायकोचा कोट वर्षभर एकच बाही लागून खुंटीला लटकलेला. विचारलं तर म्हणणार, "घरचीच आहे, थांबेल." ती बिचारी शाल गुंडाळून हिंडते.

अपवाद फक्त ठकीचा. ठकी म्हणजे धाकट्या भावाची मुलगी. पहिल्या झबल्यापासून तिचं सगळं मास्तरांनीच शिवलं, आणि तेही ठरल्या दिवशी. तिच्या लग्नाच्या पोशाखासाठी मोतिया रंगाचं रेशीम कपाटाच्या वरच्या फळीवर कधीचं जपून ठेवलेलं. नवरा ठरायच्या आधी कापड ठरलं होतं.

यंदा दुकानात अचानक गिऱ्हाइकांची रीघ लागली. सगळे एकाच कचेरीतले. सगळ्यांना दूर समुद्राकाठी कुठल्याशा लग्नाला जायचं होतं, आणि सगळ्यांना हलके कपडे हवे होते. मास्तर खूश.

"तुम्हाला कळवलं कधी?" तोंडात टाचण्या धरून ते विचारायचे.

"झाले की सहा महिने."

"शहाणी माणसं. लांबच्या लग्नाचं असंच आधी सांगावं. माणसाला रजा काढायची असते, तिकिटं काढायची असतात, पोट आत घ्यायचं असतं. हात वर करा."

हे कौतुक महिनाभर चाललं. मग एक दिवस त्या कचेरीतल्या रोखपालबाई माप द्यायला आल्या आणि म्हणाल्या, "तुमचं बरंय मास्तर. घरचंच कार्य."

मास्तरांनी तोंडातल्या टाचण्या काढल्या. "कुणाच्या घरचं?"

"आमच्या साहेबांच्या मुलीचं. तुमच्या पुतणीचं नाही का? त्यांनीच तर आम्हाला सगळ्यांना तुमच्याकडे पाठवलं."

बाईंचा मोजून झालेला दंड मास्तरांनी पुन्हा मोजला.

दोन दिवसांनी धाकटा स्वतःच आला, काखेत कोट घेऊन.

"दादा, बटणं जरा सरकव. पोट सुटलंय. आणि तू निघतोयस कधी?"

"कुठे?"

"कुठे काय? ठकीच्या लग्नाला."

"मला कुणी सांगितलंय?"

धाकटा हसला. "अरे, तुला काय सांगायचं? तू घरचाच. पाहुण्यांना आधी सांगावं लागतं, ते रुसतात. मला वाटलं, हिने वहिनींच्या कानावर घातलं असेल. हिला वाटलं, मी तुला बोललो असेन."

"आणि ठकीला काय वाटलं?"

धाकटा कोटाची बटणं चाचपत राहिला. "तिचा पोशाख तयारच घेतला, मोठ्या दुकानातून. म्हटलं, तुला कशाला त्रास? आधीच एवढी कामं पाठवलीत तुझ्याकडे."

मास्तरांनी तिकिटांची चौकशी केली, नाही असं नाही. पण गाडी भरली होती. त्यांच्याच गिऱ्हाइकांनी भरली होती. वेळेवर कळलं होतं ना त्यांना. भावाचा कोट मास्तरांनी खुंटीवर, बायकोच्या कोटाशेजारी लटकवला.

"शेवटी होईल," ते म्हणाले. "घरचाच आहेस."

लग्नाचे फोटो रोखपालबाईंनी दुकानात येऊन दाखवले. सगळा मांडव मास्तरांच्या टाक्यांत उभा होता. धाकटा तेवढा जुन्या कोटात, बटणं उघडी टाकून. मास्तर सरळ ठकीच्या फोटोवर थांबले आणि चष्मा पुसून बराच वेळ बघत राहिले.

"छान दिसतेय ना?" बाई म्हणाल्या.

"छान आहे. पण खांदा उतरलाय बघा. उजवा खांदा लहानपणापासून जरा खाली आहे तिचा, तिथे आतून पट्टी द्यावी लागते." त्यांनी फोन परत दिला आणि पुढ्यातल्या मशीनमध्ये दोरा ओवायला घेतला. "सांगायला हवं होतं कुणीतरी."