सरकवलेलं ताट

आमच्या वहिनीने जन्मभर अशा लोकांसाठी स्वयंपाक केला, ज्यांना जेवायचंच नव्हतं. मी थट्टा करत नाहीये. म्हणजे थट्टा मी तिची रोजच करते, नणंद आहे मी, तेवढा हक्क आहे मला. पण हे अगदी खरं सांगतेय. वहिनी मोठ्या दवाखान्याच्या स्वयंपाकघरात होती. लग्नाआधी लागली आणि केस पांढरे झाल्यावर निवृत्त झाली.

तळमजल्यावर, मागच्या बाजूला ते स्वयंपाकघर. मी कितीदा तरी गेलेय तिथे. कमरेएवढी उंच पातेली, वाफेने कायम ओल्या भिंती, खिडकीबाहेर वाळत घातलेल्या चादरी. मऊ भात, गाळलेलं सूप, उकडून ठेचलेल्या भाज्या. मीठ नावाला, तिखट नाहीच. खाणाऱ्यांपैकी कुणाला दात नाहीत, कुणाचा घसा शिवलेला, कुणाचं पोट नुकतंच उघडून बंद केलेलं. वहिनी पातेल्यातून एक शीत काढायची, अंगठा आणि बोटात चिरडायची, आणि बोटाला जराही कण लागला की पातेलं परत आचेवर. "ज्याला गिळता येत नाही त्याच्या घशात अडकलं तर?" म्हणायची.

मग ढकलगाडीबरोबर स्वतः वॉर्डात जायची. ते काही तिचं काम नव्हतं, वाढायला वेगळी माणसं होती. पण हिला बघायचं असायचं. काय बघायचं होतं, देव जाणे! रोगी दोन घास खायचा, तोंड वाकडं करायचा आणि ताट पुढे सरकवायचा. ताट सरकलं की उचलायचं, हा तिचा नियम. "का हो, आवडलं नाही का?" असं तिने कधी विचारलं नाही, की "एवढं तरी संपवा" म्हणून कुणाच्या मागे लागली नाही. आजारी माणसाला अन्नावरून बोलायचं नाही, म्हणे. हसून ताट उचलायची, त्याच्या पायावरची चादर सारखी करायची आणि पुढच्या खाटेकडे वळायची. मी असते तर ते ताट त्याच्या डोक्यावर पालथं घातलं असतं.

घरीसुद्धा तेच नशीब. आधी आमच्या आईने तिला चुलीजवळ फिरकू दिलं नाही. स्वयंपाकघर हिच्या ताब्यात आलं तोवर दादाच्या पोटात अल्सर झालेला, म्हणजे पुन्हा पथ्य. त्यात हिच्या हाताला दवाखान्याचंच वळण पडलेलं. पाहुण्यांसाठी मसालेदार करायला घेतलं तरी शेवटी सगळं मऊ आणि गुळमुळीत. भाचा ताटावर बसता बसता विचारायचा, "आई, आज आपल्याकडे कोण ॲडमिट आहे?" सगळे खो खो हसायचे. सगळ्यांत जास्त वहिनीच हसायची. मी मात्र त्याचा कान धरायचे. वहिनीला बोलायचं तर मी बोलेन, हा कोण टिकोजीराव?

तर ती निवृत्त झाल्यावर आम्ही दोघी परदेशच्या सहलीला गेलो. दादाला प्रवास सोसत नाही, आणि खरं सांगू का, तो नव्हता म्हणून बरंच झालं. नणंद-भावजयीची सहल म्हणून लोकांना हसू येत होतं, येऊ दे. एक दिवस मोकळा होता. बरोबरचे सगळे बाजारात निघाले. वहिनीने मात्र हॉटेलच्या टेबलावरचा एक कागद माझ्यापुढे धरला. वर पास्ता आणि वाइनच्या पेल्यांचं चित्र. इटालियन स्वयंपाक स्वतःच्या हाताने शिका, सोबत वाइनची चव घ्या, असा सकाळपासून दुपारपर्यंतचा वर्ग.

"डोकं ठिकाणावर आहे का तुझं?" मी म्हणाले. "जन्मभर पातेली ढवळलीस, आता सुट्टीतही पातेलंच?"

"चल ना गं."

"अगं, पण कशाला?"

तिने कागद खाली घेतला. मग कागदाची घडी घालत म्हणाली, "वन्सं, हसू नका." ती मला एरवी अगंतुगं करते, 'वन्सं' आणि 'नका' आलं की समजायचं, प्रकरण गंभीर आहे. "एकदा तरी कुणीतरी माझ्या हातचं खाऊन आणखी मागावं, असं फार वाटतं. मागावं आणि मी वाढावं. घरी ते व्हायचं नाही, घरी मी दवाखान्याची. इथे मला कोण ओळखतं?"

मी हसले नाही. चप्पल घातली आणि निघाले.

अरुंद गल्लीतल्या एका घराच्या वरच्या मजल्यावर तो वर्ग होता. जिना चढतानाच लसणाचा वास आला. आत लांबलचक लाकडी टेबल, वापरून वापरून मधोमध खोलगट झालेलं, आणि भिंतीशी गॅसच्या शेगड्या. शिकवणाऱ्या बाई चांगल्या धिप्पाड, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. त्यांचं इंग्रजी आमच्याइतकंच मोडकं होतं, त्यामुळे छान जमलं. आमच्याबरोबर एक नवविवाहित जोडपं होतं आणि एक उंच गृहस्थ, जे पिठापासून झाडूपर्यंत प्रत्येक गोष्टीचा फोटो काढत होते.

खिडकीजवळ खुर्चीत एक म्हातारी बसली होती. पायांवर शाल, तोंडाची एक बाजू ओघळलेली. समोरच्या वाटीत काहीतरी करड्या रंगाचं वाटून ठेवलेलं, तसंच्या तसं. "माझी आई," बाई म्हणाल्या. "हे सगळं मला हिनेच शिकवलं. अर्धांगाचा झटका येऊन गेल्यापासून चावता येत नाही, गिळायची भीती वाटते. वाटून देते, तर तोंड मिटून घेते." एवढं बोलून त्या पिठाकडे वळल्या. वहिनी मात्र त्या वाटीकडे बघत राहिली. मी तिला कोपराने ढोसलं, "आज सुट्टी आहे तुझी."

टेबलावरच पिठाचा ढीग करायचा, मध्ये खळगा करायचा आणि त्यात अंडी फोडायची. परात नाही, काही नाही! माझ्या ढिगाला भगदाड पडलं आणि अंडं सरळ फोटोवाल्यांच्या बुटावर. त्यांनी त्याचाही फोटो काढला. वहिनीचा गोळा मात्र असा झाला की बाईंनी बोटाने दाबून पाहिला आणि नुसती मान डोलावली. वहिनीचे कान लाल झाले. तिने गोळा लाटला, घडी घातली, सुरीने लांब पट्ट्या कापल्या. टोमॅटो, लसूण आणि तेलाचा रस्सा शिजत ठेवला. आणि मीठ टाकलं! चांगलं चिमूटभर. मग माझ्याकडे बघून आणखी एक चिमूट. मी टाळीच वाजवली.

तेवढ्यात बाईंचे यजमान बाटल्या घेऊन आले. वाइनचा भाग त्यांच्याकडे. आधी पेला उजेडात धरा, मग गोल फिरवा, नाक आत घाला, मग घोट तोंडात खेळवा आणि नको असेल तर या भांड्यात थुंका. विकत घेतलेली वस्तू थुंकायची? मी सगळी प्यायले. त्या नव्या नवरीला चेरीचा वास आला, फोटोवाल्यांना ओल्या लाकडाचा. यजमानांनी वहिनीला विचारलं. ती आयुष्यात पहिल्यांदा पीत होती. तिने डोळे मिटून घोट घेतला, चेहरा आंबट केला, थोडा विचार केला आणि म्हणाली, "औषधासारखी आहे. पण गुण देणाऱ्या औषधासारखी." यजमान इतके खूश झाले की त्यांनी तिचा पेला पुन्हा भरला. तो तिने तसाच ठेवला.

सगळं सुरळीत चाललं होतं. मग पास्ता उकळत्या पाण्यात पडला.

बाई बजावून सांगत होत्या, ताजा पास्ता आहे, दोन-तीन मिनिटं पुरे, दाताला लागला पाहिजे. सगळ्यांनी आपापला काढला. वहिनीने एक पट्टी काढली, अंगठा आणि बोटात चिरडली. कण लागला. पट्ट्या परत पाण्यात. मी म्हटलं, "अगं वहिनी, काढ." तिला ऐकूच गेलं नाही. चेहऱ्यावर तो दवाखान्यातला भाव आला होता, त्या वेळी तिच्याशी बोलून उपयोग नसतो. पुन्हा पट्टी काढली, चिरडली, पुन्हा पाण्यात. बोटाला काही लागेनासं झालं तेव्हाच तिने गॅस बंद केला. मग आजूबाजूला पाहिलं. इतरांचा पास्ता रस्स्यात घोळून टेबलावर आलासुद्धा होता. हिच्या पट्ट्या फुगून एकमेकींना चिकटलेल्या.

बाईंनी एक घास खाल्ला. वाईट बाई नव्हती ती. आपल्या कामात खोटं बोलणारी नव्हती, एवढंच. म्हणाल्या, "रस्सा उत्तम. पण पास्ता फार शिजला. असा आम्ही कुणाला वाढत नाही."

तरी वर्गाची रीत म्हणून प्रत्येकाच्या ताटलीत प्रत्येकाचं थोडं थोडं वाढलं. जोडप्यातल्या नवऱ्याने हिच्या पास्त्याचा एक घास खाल्ला, नवरीने अर्धा. फोटोवाल्यांनी फोटो काढला. मग एकेक ताटली पुढे सरकली, आणि आमची वहिनी उठली, हसली आणि सवयीने ताटल्या उचलायला लागली. कुणी तिला सांगितलं नव्हतं. मोरीपाशी तिने पाठ फिरवली तेव्हा तिचे खांदे खाली आलेले मला दिसले. मला असा राग आला, असा राग आला, आणि तो काढायचा कुणावर ते कळेना. खोटं कशाला बोलू, पास्त्याचा लगदाच झाला होता. तरी मी ताटली पुढे केली, "मला वाढ आणखी."

"तू नको," ती म्हणाली. "तू घरची आहेस."

तेवढ्यात खिडकीकडून घोगरा आवाज आला. म्हातारी टेबलाकडे बघत होती. बाई लगेच "नाही, नाही, आई, तुला चालणार नाही" असं काहीतरी आपल्या भाषेत म्हणाल्या. म्हातारीने मान वळवली नाही. ती बघत होती ती वहिनीच्या पातेल्याकडे.

वहिनीने हात पुसले. बाईंना विचारलं, "पाणी पिताना ठसका लागतो का? कुठल्या बाजूने गिळतात?" बाईंनी सांगितलं. मग तिने एका ताटलीत थोडासाच पास्ता घेतला, काट्याच्या पाठीने दाबला. दाबताक्षणी तो लोण्यासारखा पसरला. त्यावर रस्सा गाळून घातला, पुन्हा एकदा बोटात चिरडून बघितलं. छोटं स्टूल ओढलं आणि म्हातारीच्या समोर बसली, तिच्यापेक्षा खाली, म्हणजे तिची हनुवटी आपोआप खाली येईल आणि घास नीट उतरेल. चांगल्या बाजूने अर्धा चमचा भरवला आणि थांबली. "खा" म्हणाली नाही, "शाबास" म्हणाली नाही. नुसती गळ्याकडे बघत बसली.

म्हातारीने तो घास तोंडात धरून ठेवला. बाईंच्या हातात डाव होता, तो तसाच वर राहिला. मग गळा हलला. ठसका नाही. वहिनीने दुसरा अर्धा चमचा भरला.

चार-पाच घासांनंतर म्हातारीने चमचाच काढून घेतला. निम्मं शालीवर सांडत होतं, पण ती खात होती. डोळे मिटून, चव घेत. बाई पुढे यायला लागल्या तर यजमानांनी त्यांचा दंड धरला. फोटोवाल्या गृहस्थांनी कॅमेरा खाली ठेवला होता.

ताटली रिकामी झाली. म्हातारीने चमचा त्यात टाकला आणि ताटली पुढे सरकवली.

आणि वहिनीने, सवयच ती, हसून ताटली उचलली. शाल सारखी करायला दुसरा हात पुढे केला.

म्हातारीने ताटलीची कड पकडली. वहिनीने हलकेच ओढली, तर म्हातारीने आणखी घट्ट धरली. दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या, मध्ये ती रिकामी ताटली. म्हातारी काहीतरी म्हणाली, एकच शब्द, ओघळलेल्या तोंडातून कसाबसा आलेला. वहिनीला कळेना. ती बिचारी घाबरलीच, माझ्याकडे वळून म्हणाली, "अगं, काय म्हणतात त्या? काही चुकलं का माझं?"

मी बाईंकडे पाहिलं. त्या डोळ्यांना पदर नाही म्हणून दुमडलेली बाहीच लावून उभ्या होत्या, आणि हातातल्या डावाने वहिनीच्या पातेल्याकडे दाखवत होत्या.

"वेडाबाई," मी म्हणाले, "आणखी मागतायत त्या."

वहिनी तशीच उभी. वाटलं, आता रडेल. पण तिच्या चेहऱ्यावर भलतीच धास्ती आली. तिने पातेल्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि जन्मात जो प्रश्न तिला कधी पडला नव्हता तो तिने विचारला.

"अगं, उरलाय का? पुरेल ना?"

"पुरेल, पुरेल!" मी ओरडले. "तुझ्या नशिबाने दुसऱ्या कुणी हात लावलेला नाही. जा, वाढ आता, त्या थांबल्यात!"

म्हातारीने ताटली सोडली आणि वहिनी पातेल्याकडे धावली.