बसायची मनाई असलेली खुर्ची

जगातल्या कुठल्याही वस्तूला ती आहे तशी राहू न देणारा माझ्या साडूंइतका चिवट माणूस नागपुरात दुसरा नसेल, आणि असलाच तर त्याच्या नातेवाइकांना माझा नमस्कार सांगा. तेही माझ्यासारखेच थकले असतील. साडूभाऊंना कपात चहा दिसत नाही, भिंतीवर पाल दिसत नाही, दोरीवर वाळत घातलेला पंचा दिसत नाही. त्यांना प्रतीक दिसतं. आम्ही सक्करदऱ्याला फ्लॅट घेतला तेव्हा वास्तुशांतीला आलेले पाहुणे टाइल्स बघत होते, नळ सोडून पाण्याचा दाब बघत होते. हे मात्र हॉलच्या मधोमध उभे राहून एकदा पुढच्या दाराकडे आणि एकदा मागच्या दाराकडे पाहत राहिले. मग माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "भाऊ, हे दोन दरवाजे एकमेकांसमोर आहेत. या घरात आलेला माणूस थांबत नाही, असं सांगून राहिले ते." माझी बायको म्हणाली, हवा खेळावी म्हणून मुद्दाम तसे ठेवलेत. साडूभाऊ हसले. "वरची हवा खेळून राहिली बाई, आतली कोंडलेली आहे." त्या दिवशी सर्वात उशिरापर्यंत थांबलेला पाहुणा तेच होते.

नागपूरच्या महाल भागात एका बारशाच्या पंगतीला मी दुर्दैवाने त्यांच्या शेजारी बसलो होतो. पानात गोळाभात आला, भातावर डाळीच्या भरड्याचे वाफवलेले गोळे. तो आला की नागपूरच्या माणसाने बोलू नये, जेवावं, एवढी साधी रीत आहे. पण साडूभाऊंनी गोळा बोटाने जरा बाजूला केला आणि समोरच्या रांगेला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं की गोळा म्हणजे व्यक्ती आणि भात म्हणजे समाज. यजमान फोडणीच्या तेलाचं भांडं घेऊन वाकून उभे होते. त्यांनी बिचाऱ्यांनी काळजीने विचारलं, "अन् तेल?" साडूभाऊ म्हणाले, "तेल म्हणजे तडजोड." "मग वाढू का नको?" "वाढा ना, भरपूर वाढा." माझं पित्ताशयाचं ऑपरेशन झालं तेव्हा ते भेटायला आले, स्टुलावर बसले, आणि माझी विचारपूस करायची सोडून सलाइनच्या नळीकडे टक लावून बसले. "थेंब थेंब," ते म्हणाले, "काळ असाच उतरत असते माणसात." शेजारच्या खाटेवरच्या पेशंटने संध्याकाळी नर्सला दुसरी खोली मिळेल का म्हणून विचारलं.

हे सगळं मी सहन केलं असतं. साडू हा माणूस निवडता येत नाही, बायकोबरोबर येतो. पण त्यांनी नाटक लिहिलं, आणि आम्हा सगळ्यांना त्यात ओढलं. नाटक एकच. नाव 'अर्धी चढण'. ती शोकांतिका होती. दरवर्षी उन्हाळ्यात शहरातलं एक मंडळ हौशी संघांची स्पर्धा घेतं, तिथे दरवर्षी ती व्हायची आणि दरवर्षी पडायची. नवीन नाटक का लिहीत नाही असं विचारलं की म्हणायचे, "हेच अजून पूर्ण कळलं कुठं आहे लोकांले?" गोष्ट साधी होती. एका कचेरीतला कारकून साहेबाच्या खुर्चीचं स्वप्न बघतो. बायकोला, लेकीला रोज सांगतो, यंदाच्या दसऱ्याला मी त्या खुर्चीत बसलेला असेन. दसरे येतात आणि जातात. लेक मोठी होते, आणि एक दिवस तिला कळतं की बापाचं नाव बढतीच्या चर्चेत कधी नव्हतंच. ती त्याला तोंडावर विचारते. घर मोडतं. बाप खुर्चीच्या बाजूला उभ्या उभ्या प्राण सोडतो.

आता एवढ्या गोष्टीला बंद घड्याळ, भिंतीकडे उघडणारं दार, वाळकी तुळस आणि कोरडा कूलर कशाला हवा, हे मला आजही सांगता येणार नाही. कूलर म्हणजे आटलेली उमेद, असं त्यांचं म्हणणं होतं. एका वर्षी थिएटरच्या वायरमनला प्रेक्षकांची दया आली आणि त्याने मध्यंतरात कूलरमध्ये पाणी भरून तो चालू करून दिला. खसाचा वास पहिल्या रांगांपर्यंत पोचला, मरणाऱ्या नायकाचं धोतर शेवटपर्यंत फडफडत होतं, आणि त्या वर्षी प्रथमच कोणीही मधून उठून गेलं नाही. साडूभाऊ आठवडाभर वायरमनला शोधत होते. तो सापडला नाही हे त्याचं नशीब.

पण सगळ्यांत मोठं प्रतीक म्हणजे खुर्ची. सागवानी, हातांची, पाठीला नक्षी असलेली. ती ताईंच्या वडिलांनी लग्नात आंदण दिलेली. ताई म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण, साडूभाऊंची पत्नी. नाटकभर ती खुर्ची रंगमंचाच्या मधोमध असायची आणि तिच्यावर कोणीही, कधीही बसायचं नाही, हा नियम होता. एवढ्यावर भागलं असतं तर ठीक होतं. पण रंगमंचावरची वस्तू घरी वापरली की तिचं तेज जातं, असा साडूभाऊंचा सिद्धांत होता. त्यामुळे घरीही ती खुर्ची वर्षभर जुन्या चादरीत गुंडाळून खिडकीजवळ ठेवलेली असायची. पाहुणे सोफ्यावर बसायचे, साडूभाऊ पलंगावर, आणि ताई खाली चटईवर. उठताना त्या एक हात भिंतीला लावायच्या आणि क्षणभर तशाच थांबायच्या. बाकी घरातलं सामानही नाटकाच्या दिवसांत टेम्पोने जायचं. तालमीच्या महिन्यात त्यांच्याकडे गेलं की ताई हसून म्हणायच्या, "बसा ना भाऊजी, जिथं जागा दिसते तिथं. आमचं घर सध्या नाटकात गेलं आहे."

यातली खरी गंमत, गंमत म्हणावी तर, अशी की साडूभाऊ स्वतः सरकारी कचेरीत कारकून होते आणि त्यांना एकदा खरोखरची बढती आली होती. खुर्ची, टेबल, बाहेर बसणारा शिपाई, सगळं. पण ती गडचिरोलीला. ताईंनी भांडी पोत्यात भरायला घेतली होती. साडूभाऊंनी नकार कळवला, कारण तिकडे गेलं तर तालमी कशा होणार? खुर्ची न मिळाल्याने मोडलेल्या माणसाचं नाटक करता यावं म्हणून या माणसाने मिळालेली खुर्ची सोडली. ताईंनी पोती रिकामी केली आणि भांडी परत फळीवर लावली. त्या काही बोलल्या नाहीत.

बोलली ती मृदुला, त्यांची एकुलती एक मुलगी. लहानपणी ती नाटकातल्या लेकीचं लहानपण करायची, मग मोठी झालेली लेक करू लागली. बापाची सगळी प्रतीकं तिला पाठ होती आणि शाळेतल्या मैत्रिणींना ती अभिमानाने समजावून सांगायची. कॉलेजात गेल्यावर एका वर्षी प्रयोग संपला, तोंडाचा रंग तसाच ठेवून ती विंगेत म्हणाली, "बाबा, या नाटकात सारं दुःख बापालेच काहून? त्याच्या बायकोच्या तोंडी एक वाक्य नाही. ती नुसती दिवा घेऊन उभी." साडूभाऊ म्हणाले, "ती उभी आहे म्हणून तर घर उभं आहे. ते प्रतीक आहे बेटा." मृदुला म्हणाली, "ती आई आहे, बाबा." त्यानंतर तिने नाटकात काम केलं नाही, ते पाहायलाही आली नाही. पुण्याला नोकरी लागली, तिकडेच राहिली. फोन आईला यायचा. साडूभाऊ शेजारच्या खोलीत पेपर वाचत बसायचे, आणि पान उलटल्याचा आवाज फोन संपेपर्यंत यायचा नाही.

यंदा साडूभाऊंनी जाहीर केलं, हा शेवटचा प्रयोग. रिटायर होऊन दोन उन्हाळे गेले होते, संघातली निम्मी माणसं गुडगाव-हैदराबादला मुलांकडे राहायला गेली होती. आणि ऐन तालमीत नायकाच्या बायकोचं काम करणाऱ्या बाईंनी, सुनेचं बाळंतपण आहे, म्हणून अंग काढून घेतलं. दुसरी बाई मिळेना. शेवटी साडूभाऊंनी ताईंनाच उभं केलं. वाक्य नव्हतंच, दिवा घेऊन उभं राहायचं, बस. ताई म्हणाल्या, "इतकी वर्षं घरी केलं, आता तिथं करते." आई स्टेजवर उभी राहणार हे कळल्यावर मृदुलाने तिकीट काढलं. ही बातमी ऐकून साडूभाऊ माझ्याकडे आले, आणि आयुष्यात पहिल्यांदा माझ्या घरातल्या कशाचाही अर्थ न लावता खाली मान घालून बसले. मग म्हणाले, "भाऊ, बक्षीस गेलं खड्ड्यात. पोरीनं फक्त एवढं म्हणावं, बाबा, वाया नाही गेलं. बस. अजून काही नाही पाहिजे मले." मला त्या माणसाची दया आली आणि भीतीही वाटली, कारण मृदुला खोटं बोलणाऱ्यांतली नाही.

प्रयोगाच्या दिवशी मी नेहमीप्रमाणे पडद्याच्या दोरापाशी होतो. नाटकातलं एवढंच काम माझ्यावर सोपवण्यासारखं आहे असं साडूभाऊंचं मत आहे. बाहेर ऊन मरणाचं, आत पंखे नावापुरते. मृदुला दुसऱ्या रांगेत. शेवटचा अंक आला. नाटकातल्या लेकीने बापाला सुनावलं आणि ती निघून गेली. आता नायकाचं, म्हणजे साडूभाऊंचं, ते लांबलचक स्वगत. दरवर्षी त्यात भर पडलेली. ताई वाळक्या तुळशीजवळ दिवा घेऊन उभ्या. साडूभाऊ प्रेक्षकांकडे तोंड करून चढणीवर, शिखरावर, अर्ध्या वाटेवर बोलत होते. मी दोर धरून जांभई दाबत होतो, तेवढ्यात मला दिसलं की ताईंनी दिवा तुळशीपाशी खाली ठेवला. सावकाश चालत त्या मधोमध आल्या, खुर्चीच्या हातावर हात टेकवला, आणि बसल्या.

थिएटरमध्ये एकदम शांत झालं. साडूभाऊंना शांततेवरून काहीतरी बिनसल्याचं कळलं आणि ते वळले. इतक्या वर्षांत त्या खुर्चीवर माणूस बसलेला त्यांनी पाहिला नव्हता. दबक्या आवाजात, पण मला ऐकू येईल इतपत, ते म्हणाले, "अवं, ऊठ ना. काय करून राहिली?" ताई मात्र घरात बोलतात त्याच आवाजात बोलल्या, आणि तो मागच्या रांगेपर्यंत गेला. "दोन मिनिटं बसू द्या ना हो. उभं नाही राहवत आता मले."

साडूभाऊंना पुढचं स्वगत आठवेना. ते दोन पावलं पुढे आले, परत थांबले, आणि मग खुर्चीच्या बाजूला जमिनीवर बसले, चटईवर बसतात तसे. नायकाने उभ्याने मरायचं होतं. इथे कोणीच मरेना. मला कोणी खूण केली नाही, पण त्या दोघांना आणखी कोणी बघू नये असं मला वाटलं, आणि मी पडदा सोडला.

टाळ्या आमच्या नाटकाला कधी मिळाल्या नव्हत्या तेवढ्या मिळाल्या. परीक्षकांतले एक बाहेरगावचे वयस्क गृहस्थ होते, ते तर स्टेजवरच आले, माइक मागवला आणि साडूभाऊंचा हात धरून म्हणाले, "ज्या खुर्चीसाठी पुरुष झुरला, तिच्यावर शेवटी त्या न बोलणाऱ्या बाईला बसवलंत! केवढं मोठं प्रतीक! हे लिहितानाच सुचलं होतं, की तालमीत?" मी विंगेतून बघत होतो. या एका प्रश्नासाठी साडूभाऊ जन्मभर थांबले होते. कोणीतरी शहाणा माणूस, भरल्या थिएटरात, माइक देऊन विचारतोय की याचा अर्थ काय, आणि समोर मृदुला बसलेली. त्यांनी माइक हातात घेतला. एकदा ताईंकडे वळून पाहिलं. मग म्हणाले, "नाही साहेब. सुचलं नाही काही. तिचे गुडघे दुखत होते."

लोक हसले. त्यांना तो विनय वाटला. दुसऱ्या रांगेत मृदुला हसत नव्हती.

नाटकाला बक्षीस मिळालं नाही. ताईंना अभिनयाचं प्रशस्तिपत्र मिळालं आणि त्या सारख्या म्हणत होत्या, "मी काय केलं? बसली होती फक्त." मृदुला विंगेत आली तेव्हा साडूभाऊ तोंडाचा रंग तसाच ठेवून तिच्याकडे पाहत उभे होते. आता ती काहीतरी बोलेल म्हणून मीही दोर गुंडाळायचा थांबलो. ती म्हणाली, "बाबा, आईचा तो हात धरा. तिले या पायऱ्या नाही उतरता येत." साडूभाऊंनी हात धरला. तिघं एकेक पायरी उतरत खाली गेले. जे वाक्य त्यांना हवं होतं ते तिने म्हटलं नाही, त्यांनीही मागितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सामान उतरवायला मी टेम्पोबरोबर त्यांच्या घरी गेलो. मृदुला आत चहा करत होती. ताई पलंगावर पाय सोडून बसलेल्या, आणि साडूभाऊ खाली बसून त्यांच्या गुडघ्यांना वाटीतलं कोमट तेल लावत होते. हात फारच बेताने फिरत होता, कुठे दुखतं ते माहीत नसलेल्या माणसाचा फिरतो तसा. ताई लाजून म्हणाल्या, "पाहा ना भाऊजी, ऐकूनच नाही राहिले." मी कूलर दाराशी ठेवला. साडूभाऊंनी वर पाहिलं. दोन दारांचा, सलाइनचा, गोळाभाताचा अर्थ सांगणारा तो माणूस मला अगदी साध्या आवाजात विचारत होता, "भाऊ, किती वर्षांपासून दुखत असतील हिचे गुडघे?"

मला माहीत होतं. माझ्या बायकोला माहीत होतं, मृदुलाला माहीत होतं, खालच्या मजल्यावरच्या किराणा दुकानदारालाही माहीत होतं, म्हणूनच तो सामान वर पोचवायचा. मी ताईंकडे पाहिलं. त्यांनी हळूच मान हलवली, सांगू नका.

"आत्ताआत्ताच सुरू झालं असेल," मी म्हणालो.